तळटीप १४ : शेख-उल-हिंद

१४. मौलाना महमूद हसन (१८५१–१९२०). मजकुरातील ‘शेख’ हे आडनाव समजू नये. ‘शेख-उल-हिंद’ ही खिलाफत चळवळीच्या काळात मिळालेली पदवी. देवबंदच्या दारुल उलूमचे अगदी पहिल्या विद्यार्थ्यांपैकी एक, पुढे तिथलेच मुख्य अध्यापक. तुर्क-अफगाण मदतीने इंग्रजांविरुद्ध उठाव करण्याचा त्यांचा बेत रेशमी कापडावर लिहिलेल्या पत्रांतून चालला होता. १९१६ मध्ये ती पत्रे सरकारच्या हाती लागली. या कटाचे ‘रेशमी रुमाल’ हे नाव त्या कापडावरूनच. मौलाना तेव्हा हेजाझमध्ये होते. तिथे मक्केच्या शरीफ हुसेनच्या माणसांनी त्यांना पकडून इंग्रजांच्या हवाली केले. इंग्रजांनी त्यांना माल्टा बेटावर कैदेत ठेवले; पुढच्या पानावरचा ‘माल्ट्याचा कैदी’ म्हणजे हेच. सुटकेनंतर जून १९२० मध्ये ते मुंबईला उतरले आणि त्याच वर्षी ३० नोव्हेंबरला दिल्लीत वारले.