तळटीप : ‘परराज्यातील रुग्ण’

लेखकाचा रोख गोवा सरकारने १ जानेवारी २०१८ पासून बाहेरच्या रुग्णांना लावलेल्या शुल्काकडे आहे. तोवर बांबोळीचे गोवा वैद्यकीय महाविद्यालय सिंधुदुर्गाला घरचेच वाटे. मालवणात कुणाचे दुखणे हाताबाहेर गेले की गाडी कुडाळ, बांदा, पत्रादेवी करत बांबोळी गाठते. कोल्हापूरला न्यायचे तर वाटेत सह्याद्रीचा घाट. केसपेपरवरचा पत्ता एकाएकी पैशांचा प्रश्न झाला, आणि दोडामार्गात लोक रस्त्यावर उतरले. ते अगदी रास्त होते.

कायद्याची बाजू लेखकाने एका वाक्यात उरकली आहे, म्हणून हा खुलासा. सार्वजनिक आरोग्य व रुग्णालये हा घटनेच्या सातव्या अनुसूचीतील राज्यसूचीचा विषय (नोंद ६). मात्र पश्चिम बंग खेत मजदूर समितीच्या खटल्यात १९९६ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, सरकारी रुग्णालयाने तातडीचे उपचार वेळेवर न देणे हा अनुच्छेद २१ मधील जगण्याच्या हक्काचा भंग आहे. रेल्वेतून पडून जबर जखमी झालेल्या त्या शेतमजुराला एकामागून एका सरकारी रुग्णालयाने खाट नाही म्हणून परत पाठवले होते. लेखक हा निकाल शुल्कालाही लावतो. आम्हाला ते पटत नाही. निकाल उपचार नाकारण्याविषयी आहे. खरा जाब महाराष्ट्राला विचारायला हवा होता : १९८१ मध्ये वेगळ्या झालेल्या जिल्ह्याला शासकीय वैद्यकीय महाविद्यालय मिळायला चार दशके का लागली?