वर्तमानपत्रांचा कोपरा

हडपसरहून शहरात गेलो की माझी पावले अप्पा बळवंत चौकाकडे वळतात. पोरे त्याला 'एबीसी' म्हणतात. माझ्यातल्या मास्तराला ते रुचत नाही. अप्पा बळवंत म्हणजे मेहेंदळे सरदार. त्यांचे वडील बळवंतराव डिसेंबर १७६० मध्ये पानिपतावर पडले, मुख्य लढाईच्या महिनाभर आधी.

लोकांना हा चौक पुस्तकांचा वाटतो, मला वर्तमानपत्रांचा. पश्चिमेला नारायण पेठेत केसरीवाडा; 'केसरी' १८८१ चा, वाडा टिळकांनी १९०५ मध्ये घेतला. इकडे बुधवार पेठेत 'सकाळ', नानासाहेब परुळेकरांनी १ जानेवारी १९३२ ला काढलेला. मग पहाटे गठ्ठे सोडून अंक वाटून घ्यायला विक्रेते याच चौकात जमणार, हे ओघानेच आले.

एप्रिल २०२० मध्ये करोनापायी सरकारने घरोघरी अंक टाकायला बंदी केली. इतरत्र ती लवकर सैल झाली, मुंबई-पुण्यात राहिली. छापायला मुभा, पोचवायला नाही! त्यात पोट अडकले ते सायकलवाल्यांचे. माझ्या वर्गातही अशी पहाटे अंक टाकणारी दोघे-तिघे असायची. पहिल्या तासाला पेंगायची. मी त्यांना कधी उठवले नाही.