दात, मामा आणि वालेरिया

शनिवारी सकाळी आईचा फोन. भाचीला पहिला दात आला म्हणून. मी खूश. पण आईचा आवाज जरा पडलेला. "अरे, वरचा आलाय आधी." माझ्या डोक्यात प्रकाशच पडेना. मग मागून आजी बोललीच, "मामाला जड असतं हो ते!" मामा म्हणजे अस्मादिक. एकुलता एक.

तोडगा असा निघाला की मामानं चांदीची वाटी द्यायची. वाटीचं काही नाही हो, देऊ. पण मग ताईनं फोन घेतला. "तू दे वाटी. पण उद्या तुला साधी सर्दी झाली तरी या पोरीचं नाव निघणार, बघ तू." ते काही डोक्यातून जाईना. मग नेहमीच्या सवयीनं वाचत बसलो आणि पोचलो थेट रोममध्ये.

दात पाहून भविष्य सांगणं हा उद्योग तिकडेही जोरात होता. थोरल्या प्लिनीचा 'नॅचरल हिस्टरी' नावाचा 37 खंडांचा ग्रंथ आहे. इ.स. 77 मध्ये त्यानं तो टायटसला अर्पण केला आणि दोनच वर्षांनी व्हेसुव्हियसच्या उद्रेकात तो गेला. सातवा खंड माणसाबद्दल आहे, आणि त्यात जन्मतःच दात असलेल्या मुलांची नोंद आहे. (यात दैवी काही नाही. साधारण दोन-तीन हजार बाळंतपणांत एखादं बाळ दात घेऊन जन्मतं. दात फार हलत असला तर डॉक्टर तो काढून टाकतात, विषय संपला.)

प्लिनी आधी दोन पुरुषांची नावं देतो. पहिला मानियस क्युरियस. त्याला या दातांमुळे 'डेंटाटस' म्हणजे दातवाला हे नाव पडलं आणि ते त्यानं मानानं मिरवलं. इ.स.पू. 275 मध्ये पिरस राजाला इटलीतून घालवला तो यानंच. गंमत म्हणजे प्लुटार्क सांगतो की या पिरसच्या वरच्या जबड्यात सुटे दात नव्हतेच, एक सलग हाड होतं. म्हणजे ही लढाई बघायला एखादा दंतवैद्य हवा होता!

दुसरा कार्बो. हा तीनदा कॉन्सल झाला. तिसऱ्या खेपेला, इ.स.पू. 82 मध्ये, पॉम्पीनं त्याला पकडून ठार मारलं. दात तेच, शेवट उलटा. पण प्लिनी त्याबद्दल अवाक्षर काढत नाही, दोघांनाही नामवंत म्हणून मोकळा होतो.

आणि मग तिसरी, वालेरिया. ही गोष्ट राजांच्या काळातली. बायकांच्या बाबतीत हे अशुभ मानत, असं प्लिनीच सांगतो. ही मुलगी दात घेऊन जन्मली तेव्हा हरुस्पेक्सना बोलावलं. हे लोक बळी दिलेल्या मेंढ्याचं काळीज वाचून शकुन सांगायचे. (इटलीत पियाचेन्झाजवळ 1877 मध्ये काळजाचा एक ब्राँझचा नमुना सापडला. त्यावर खाने पाडून प्रत्येकात देवांची नावं कोरलेली आहेत. अगदी आमचं रेफरन्स मॅन्युअल!) ते म्हणाले, ही ज्या गावात जाईल ते गाव बुडेल. मग काय, तिला सुएसा पोमेशिया नावाच्या शहरात पाठवून दिलं. शहर तेव्हा ऐन भरात होतं. पुढे ते बुडालं. प्लिनी लिहितो, भविष्य खरं ठरलं.

इथं मी थांबलो. शहर बुडालं कसं? भूकंप? रोगराई? शोधल्यावर कळलं की रोमन परंपरेप्रमाणे ते लुटलं टार्क्विनियस सुपर्बसनं, म्हणजे रोमच्याच राजानं. त्या लुटीच्या पैशावर कॅपिटोल टेकडीवर ज्युपिटरचं देऊळ उठलं. इ.स.पू. 495 मध्ये रोमच्या सैन्यानं पुन्हा तेच शहर घेतलं आणि लुटलं. म्हणजे मुलीला घालवून देणारं रोम, शहर बुडवणारं रोम, आणि दोष कुणाचा, तर त्या पोरीच्या दाताचा! बग घालणाऱ्यानंच बग रिपोर्ट लिहावा आणि तो ट्रेनीच्या नावावर टाकावा, तसलाच प्रकार. वालेरियाचं पुढं काय झालं, ते लिहायची प्लिनीला गरज वाटली नाही.

बरं, प्लिनी भोळा होता म्हणावं तर तसंही नाही. अकराव्या खंडात तोच आश्चर्य करतो की ॲरिस्टॉटलसारख्या माणसानं शरीरावरच्या खुणांवरून आयुष्य किती ते सांगता येतं यावर विश्वास ठेवला. विरळ दात म्हणजे आयुष्य कमी, हीही त्यातलीच एक खूण. आणि हाच प्लिनी सातव्या खंडात सांगतो की उजवीकडचा सुळा जोड असेल तर नशीब फळफळतं. उदाहरण कुणाचं? नीरोच्या आईचं, अग्रिपिनाचं. तिचा इ.स. 59 मध्ये पोटच्या पोरानंच खून करवला. प्लिनीला हे ठाऊक होतं, सगळ्या रोमला ठाऊक होतं. असो.

आज वाटी कुरियरनं पाठवली. मग आजीला फोन लावला. म्हटलं, "आजी, समजा या वर्षी मला प्रमोशन मिळालं, तर तेही तिच्या दातामुळे का?"

"छे रे," आजी म्हणाली, "ते तुझ्या कष्टाचं."