मौन हीच मातृभाषा

ज्या चित्रपटात पात्रांचा आवाज ऐकू येत नाही तो मूकपट, अशी आपली साधी समजूत आहे. परंतु त्या काळात असा एक नट होऊन गेला की ज्याच्या बाबतीत 'मूक' या शब्दाचा अर्थ 'वाणीचा अभाव' असा करता येत नाही. त्याचे नाव लॉन चेनी.

१ एप्रिल १८८३ रोजी अमेरिकेतील कोलोरॅडो स्प्रिंग्स या गावी त्याचा जन्म झाला. वडील फ्रँक हे न्हावी होते. वडील आणि आई एमा हे दोघेही बधिर. एमाचे वडील जोनाथन केनेडी यांनी १८७४ साली त्या प्रदेशातील बधिर मुलांसाठी शाळा स्थापन केली होती. लॉनला मात्र ऐकू येत असे. तो प्राथमिक शाळेत असतानाच संधिवाताने आईला अंथरुणास खिळविले आणि तिच्या शुश्रूषेसाठी त्याने शाळा सोडली. दिवसभरात गावात जे घडले असेल ते हात, चेहरा आणि अंगविक्षेप यांच्या साहाय्याने आईपुढे उभे करावयाचे, हा त्या मुलाचा नित्यक्रम बनला. अभिनयाचे त्याचे पहिले विद्यालय ते हेच.

ज्या खुणांनी हे माय-लेक बोलत, त्यांचे एक मूळ पॅरिसमध्ये आहे. अठराव्या शतकात आबे द लेपे या फ्रेंच धर्मगुरूने तेथे बधिर मुलांची शाळा काढून खुणांच्या द्वारे शिक्षण देण्यास आरंभ केला. त्या परंपरेत शिकलेला लॉरां क्लेर हा बधिर शिक्षक १८१६ साली अमेरिकेस गेला आणि १८१७ साली हार्टफर्ड येथे उघडलेल्या शाळेतून ही भाषा त्या देशात पसरली. पुढे १८८० साली मिलान येथील शिक्षण परिषदेने खुणांना डावलून तोंडी पद्धतीचाच पुरस्कार केला आणि अनेक देशांतील शाळांतून खुणांची हकालपट्टी झाली. लॉनच्या घरातील भाषेला जगात मान नव्हता, तो असा.

फिरत्या नाटकमंडळ्यांत उमेदवारी करून चेनी १९१३ च्या सुमारास चित्रपटात आला. पडेल ते काम त्याने पत्करले. १९१९ च्या 'द मिरॅकल मॅन' मध्ये लंगडेपणाचे सोंग घेणाऱ्या भोंदूच्या भूमिकेने त्याला कीर्ती मिळाली. १९२० च्या 'द पेनल्टी' मध्ये पाय तुटलेल्या गुन्हेगाराची भूमिका त्याने पाय गुडघ्यांतून मागे बांधून केली. रंगभूषा तो स्वतःच करी. 'हजार चेहऱ्यांचा माणूस' हे बिरुद त्याला मिळाले, आणि १९२९ च्या ब्रिटानिका ज्ञानकोशात रंगभूषेविषयी त्याचे लेखन समाविष्ट झाले.

१९२३ साली व्हिक्टर ह्यूगोच्या कादंबरीवरील चित्रपटात नोत्र दाम कॅथेड्रलच्या कुबड्या घंटावाल्याची भूमिका त्याने केली. या अनाथाचे नाव क्वासिमोदो. ईस्टरनंतरच्या रविवारच्या लॅटिन प्रवेशगीताच्या आरंभीच्या शब्दांवरून ते पडले, कारण त्याच दिवशी तो कॅथेड्रलमध्ये सापडला होता. घंटांच्या नादाने तो बहिरा झालेला आहे. प्रेक्षकांनी त्या बेढब देहाविषयी आश्चर्य व्यक्त केले. परंतु बहिऱ्या आईवडिलांचा मुलगा येथे एका बहिऱ्याची भूमिका करीत होता, ही गोष्ट मला अधिक महत्त्वाची वाटते. कुरूपतेच्या आड दडलेले माणूसपण दाखविणे हे त्याच्या उत्तम भूमिकांचे सूत्र होते. १९२५ च्या 'द फँटम ऑफ द ऑपेरा' मध्येही मुखवटा निघताच आपण भयभीत होतो, आणि त्या अभाग्याची कीवही येते.

पुढे बोलपट आला. चेनी काही काळ त्यापासून दूर राहिला. अखेर १९३० साली 'द अनहोली थ्री' या आपल्याच मूकपटाच्या बोलक्या आवृत्तीत त्याने काम केले आणि निरनिराळे आवाज काढून सर्वांना चकित केले. तो त्याचा पहिला आणि अखेरचा बोलपट ठरला. कर्करोगाने त्याला ग्रासले होते. शेवटच्या दिवसांत वाचा गेली, तेव्हा तो बालपणीच्या त्याच खुणांनी आप्तांशी बोलू लागला. २६ ऑगस्ट १९३० रोजी, वयाच्या ४७ व्या वर्षी, त्याचे निधन झाले. त्याचे बहुसंख्य चित्रपट आज नष्ट झाले आहेत.

आपल्या गावातही एखाद्या घरी बधिर मूल असते. त्याला आपण 'बिचारे मुके' म्हणतो आणि त्याच्या आईबापांचे सांत्वन करतो. त्या मुलाचे हात काय सांगत आहेत, हे शिकण्याची तसदी आपल्यापैकी कितीजण घेतात? कोलोरॅडोतील त्या अंथरुणाजवळ एका मुलाने ती घेतली होती.