लोकरीचा तंतू आणि जनुकाची संरचना

द्रव्यविज्ञान आणि जनुकविज्ञान यांचा संबंध अगदी अलीकडचा आहे, अशी समजूत आढळते. २०११ साली अमेरिकेने नव्या द्रव्यांच्या शोधासाठी हाती घेतलेल्या उपक्रमाच्या नावात ‘जीनोम’ हा शब्द योजला, त्यामुळे ती अधिकच दृढ झाली. इतिहास मात्र निराळी साक्ष देतो.

इंग्लंडातील लीड्स हे लोकरीच्या उद्योगाचे जुने केंद्र. तेथील विद्यापीठात विल्यम अ‍ॅस्टबरी हे १९२८ साली वस्त्रतंतूंच्या भौतिकीचे अध्यापक झाले. लोकरीचा तंतू ताणला असता त्याचे क्ष-किरणचित्र पालटते व ताण काढल्यावर पूर्ववत होते, असे त्यांना आढळले. तंतूची लवचिकता रेणुशृंखलांच्या घड्या उलगडण्यात आहे, हे अनुमान त्यांनी यावरून काढले. हीच पद्धती पुढे त्यांच्या सहकारी फ्लॉरेन्स बेल यांनी डीएनएला लावली. चपटे क्षारक नाण्यांच्या चळतीप्रमाणे एकावर एक ३.३४ अँगस्ट्रॉम अंतराने रचलेले असतात, असे उभयतांनी १९३८ साली प्रसिद्ध केले.

मोजमाप अचूक होते. अर्थ मात्र पुरता उकलला नाही. प्रथिनशृंखलेतील अंतरही जवळजवळ तेवढेच असल्यामुळे अ‍ॅस्टबरी यांचे लक्ष प्रथिन व डीएनए यांच्या जुळणीकडे वेधले गेले. शिवाय त्या चित्रांत डीएनएच्या दोन रूपांची सरमिसळ झाली होती.

ती दूर केली रोझालिंड फ्रँकलिन यांनी. दगडी कोळशाची सच्छिद्रता व कार्बनाची रचना यांचा अभ्यास करून त्या १९५१ साली लंडनच्या किंग्ज कॉलेजात आल्या होत्या. आर्द्रतेचे काटेकोर नियमन करून त्यांनी ‘ए’ आणि ‘बी’ ही रूपे वेगळी केली. ‘बी’ रूपाचे १९५२ सालचे त्यांच्या संशोधनातील चित्र वॉटसन यांना त्यांच्या नकळत दाखविण्यात आले, आणि एप्रिल १९५३ मध्ये दुहेरी सर्पिलाची प्रतिकृती प्रसिद्ध झाली. लीड्स येथे एल्विन बेटन यांनी १९५१ सालीच तशा प्रकारचे चित्र घेतले होते. अ‍ॅस्टबरी यांनी ते प्रसिद्ध केले नाही.

अ‍ॅस्टबरी यांना केवळ दैवाने हुलकावणी दिली, असे म्हणून भागणार नाही. तंतूचे क्ष-किरणचित्र उमटते ते रचनेतील नियमित पुनरावृत्तीमुळे. आनुवंशिक संदेश मात्र क्षारकांच्या अनियमित अनुक्रमात असतो. तो वाचण्यासाठी निराळी रासायनिक साधने लागली. द्रव्यविज्ञानाने जनुकाची चौकट दाखविली, त्यातील मजकूर नव्हे. ‘जीनोम’ हा शब्द आज द्रव्यविज्ञानाने उसना घेतला असला, तरी पहिले ऋण जनुकविज्ञानाच्याच खाती आहे, हे विसरता येत नाही.