सय्यद अब्दुल रहीम (१९०९–१९६३) : शिक्षक आणि फुटबॉल प्रशिक्षक

प्रस्तावना

मराठवाड्याच्या इतिहासलेखनात हैदराबाद संस्थानाचा विचार प्रामुख्याने मुक्तिसंग्रामाच्या अंगाने झालेला आहे, आणि ते स्वाभाविकही आहे. तथापि नांदेड जिल्हा आणि त्या काळी उस्मानाबाद जिल्ह्यात असलेले लातूर १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत हैदराबाद राज्याचे भाग होते. १९५८ मध्ये मराठवाडा विद्यापीठ स्थापन होईपर्यंत या प्रदेशातील उच्च शिक्षणाचा संबंध १९१८ साली स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठाशी होता. या समान शैक्षणिक वारशातील एक उपेक्षित प्रकरण म्हणजे उस्मानियाचे पदवीधर व भारतीय फुटबॉल संघाचे प्रशिक्षक सय्यद अब्दुल रहीम यांचे कार्य होय. रहीम यांच्या यशाचे मूळ त्यांच्या शिक्षकी पेशात कसे होते, हे पाहणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

जडणघडण

रहीम यांचा जन्म १७ ऑगस्ट १९०९ रोजी हैदराबाद येथे झाला. उस्मानिया विद्यापीठात शिकत असताना ते विद्यापीठाच्या फुटबॉल संघातून खेळले. पदवीनंतर त्यांनी शिक्षकाचा व्यवसाय स्वीकारला. काचिगुडा, दार-उल-उलूम आणि चादरघाट येथील शाळांत त्यांनी अध्यापन केले. पुढे शारीरिक शिक्षणाची पदविका घेऊन त्यांनी शाळेतील क्रीडाविभागाची जबाबदारी सांभाळली. वर्गात शिकवणारा शिक्षकच मैदानावरही शिकवीत होता, ही बाब त्यांच्या पुढील कार्याच्या दृष्टीने महत्त्वाची ठरते. १९४० च्या दशकात हैदराबाद फुटबॉल संघटनेचे सचिवपद त्यांच्याकडे आले व ते अखेरपर्यंत त्यांच्याकडेच राहिले.

अध्यापनाची पद्धती

रहीम यांनी खेळाडूंच्या उणिवा दूर करण्यासाठी केवळ उपदेश केला नाही, तर स्पर्धांचे नियमच बदलले. चेंडू पायात खेळवत पुढे नेण्यास मनाई असलेल्या स्पर्धा त्यांनी भरविल्या. त्यामुळे खेळाडूला चेंडू मिळताच सहकाऱ्याकडे देणे भाग पडे. ज्यांचा एकच पाय सराईत होता अशांसाठी केवळ कमकुवत पायाने खेळण्याच्या स्पर्धा घेतल्या. अध्यापनशास्त्राच्या भाषेत सांगावयाचे तर अध्ययनाची परिस्थितीच अशी रचावयाची की अपेक्षित कौशल्य आत्मसात केल्यावाचून विद्यार्थ्याला पुढे जाता येऊ नये. अनुभवी शिक्षक वर्गात जे करतो, तेच रहीम यांनी मैदानावर केले.

या पद्धतीची फळे लवकरच दिसू लागली. १९५० मध्ये हैदराबाद सिटी पोलीस संघाचे प्रशिक्षण त्यांच्याकडे आले. या संघाने १९५० ते १९५४ अशी सलग पाच वर्षे मुंबईचा रोव्हर्स चषक जिंकला.

राष्ट्रीय संघ : पराभव आणि यश

१९५१ च्या दिल्ली येथील पहिल्या आशियाई क्रीडास्पर्धेत भारताने अंतिम सामन्यात इराणचा १–० असा पराभव करून सुवर्णपदक मिळविले. पुढच्याच वर्षी हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये मात्र युगोस्लाव्हियाकडून १–१० असा दारुण पराभव झाला. भारताचे अनेक खेळाडू तेव्हा अनवाणी खेळले होते. त्यानंतर बूट घालून खेळणे सक्तीचे करण्यात आले आणि संघाच्या रचनेतही बदल होत गेले.

१ डिसेंबर १९५६ रोजी, म्हणजे मराठवाडा हैदराबादपासून वेगळा होऊन मुंबई राज्यात आल्यानंतर अवघ्या एका महिन्याने, मेलबर्न ऑलिंपिकमध्ये भारताने यजमान ऑस्ट्रेलियाला ४–२ असे हरविले. त्यात मुंबईच्या नेव्हिल डिसूझा यांचे तीन गोल होते. तुळशीदास बलराम, एस. के. अझिझुद्दीन, नूर मोहम्मद असे हैदराबादच्या मैदानांवर घडलेले खेळाडू या संघात होते. ऑलिंपिकची उपांत्य फेरी गाठणारा हा पहिला आशियाई फुटबॉल संघ होय. त्याला अखेर चौथे स्थान मिळाले.

१९६२ च्या जकार्ता आशियाई स्पर्धेच्या वेळी रहीम कर्करोगाने ग्रस्त होते. इस्रायल व तैवानला प्रवेश नाकारल्याच्या वादात भारतीय पदाधिकाऱ्याने घेतलेल्या भूमिकेमुळे प्रेक्षक भारताच्या विरोधात होते. पहिल्याच सामन्यात दक्षिण कोरियाकडून ०–२ अशी हार झाली. बचावपटू जर्नेलसिंग यांच्या डोक्याला जखम झाल्यावर रहीम यांनी त्यांना संघाबाहेर न ठेवता आघाडीवर खेळविले. ४ सप्टेंबर १९६२ रोजी सुमारे एक लाख प्रेक्षकांसमोर त्याच दक्षिण कोरियाला २–१ असे हरवून भारताने सुवर्णपदक जिंकले. प्रदीपकुमार बॅनर्जी आणि जर्नेलसिंग यांनी गोल केले. त्यानंतर नऊ महिन्यांनी, ११ जून १९६३ रोजी रहीम यांचे निधन झाले.

मूल्यमापन

त्यानंतर भारतीय पुरुष संघाला आशियाई स्पर्धेत सुवर्णपदक मिळालेले नाही, आणि १९६० च्या रोम ऑलिंपिकनंतर ऑलिंपिक फुटबॉलमध्येही भारत उतरू शकलेला नाही. याचे कारण एका व्यक्तीच्या मृत्यूत शोधणे इतिहासदृष्ट्या योग्य ठरणार नाही. इतर आशियाई देशांची प्रगती, संघटनांचे प्रश्न, खेळाचे बदललेले अर्थकारण अशी अनेक कारणे त्यामागे आहेत. परंतु एका शिक्षकाने अनुभवातून सिद्ध केलेली पद्धत त्याच्याबरोबरच मागे पडावी, ही गोष्ट शिक्षणसंस्थांना विचार करावयास लावणारी आहे. २०२४ मध्ये ‘मैदान’ या हिंदी चित्रपटाने रहीम यांचे नाव सर्वदूर पोहोचविले. त्यांच्यातील शिक्षकाचा अभ्यास मात्र चित्रपटाने होणारा नाही.

निष्कर्ष

रहीम यांच्या जीवनकार्यातून दोन गोष्टी स्पष्ट होतात. पहिली, प्रशिक्षण ही अध्यापनाचीच एक शाखा आहे. महाविद्यालयातील शारीरिक शिक्षण संचालकाचे काम केवळ जिंकलेल्या चषकांच्या संख्येवर मोजले, तर त्यातील शिक्षणाचा भाग नजरेआड होतो. दुसरी, राज्याच्या सीमा बदलल्या म्हणून शैक्षणिक वारसा संपत नाही. नांदेड–लातूर परिसरातील जुन्या शाळा व महाविद्यालयांची क्रीडाविषयक दप्तरे, संघांची छायाचित्रे आणि वृद्ध शिक्षकांच्या आठवणी वेळीच संकलित झाल्या, तर हैदराबाद राज्यातील क्रीडाशिक्षणाचा मराठवाड्यापुरता इतिहास लिहिता येईल. हे काम जितके लांबेल तितकी साधने कमी होत जातील.