सगळ्यात वरचा भुईनळा

बचत, हप्ते, शेळ्या यांवर आपण नेहमीच बोलतो. आज आम्ही थोडं वर बघणार आहोत, रॉकेटच्या शेवटच्या टप्प्याकडे.

उपग्रह नेणारं रॉकेट म्हणजे एकावर एक ठेवलेले टप्पे. खालचा जळून संपला की गळून पडतो, मग वरचा पेटतो. काही टप्प्यांत इंधन पातळ असतं, काहींत घट्ट. घट्ट इंधनाचा टप्पा दिवाळीच्या भुईनळ्यासारखा असतो. गॅसची शेगडी मध्येच बंद करता येते, भुईनळा एकदा लागला की संपेपर्यंत थांबत नाही.

चुलीला फुंकणीने वारा घालतो, पण तिथे वर हवाच नाही. म्हणून जाळायला लागणारा प्राणवायू इंधनातच घालतात. अमोनियम परक्लोरेट, अॅल्युमिनियमची भुकटी आणि रबरासारखं चिकट बंधक एकत्र मळून नळकांड्यात ओततात आणि उबेत घट्ट होऊ देतात. मधे पोकळी ठेवतात, तिथून ते बाहेरच्या बाजूला जळत जातं. आत भेग किंवा बुडबुडा राहिला तर जळणारी जागा एकदम वाढते आणि नळकांडं फुटू शकतं. तपासणीत घाई चालत नाही.

हे इंधन आपल्याकडे घडवणाऱ्यांत आघाडीवर होते डॉ. वसंत गोवारीकर. पावसाच्या अंदाजामुळे आपल्या घरांत त्यांचं नाव पोचलं, पण त्याआधीची त्यांची बरीच वर्षं केरळात थुंब्याला, या इंधनाच्या कामात गेली.

एसएलव्ही-३ हे आपलं पहिलं उपग्रह नेणारं रॉकेट. त्याचे चारही टप्पे घट्ट इंधनाचे. वरच्या दोन टप्प्यांचं कवच पोलादाचं नव्हतं, तंतू आणि राळेचं होतं. कारण शेवटच्या टप्प्याचं वजन एक किलो वाचलं, की उपग्रह एक किलो जास्त नेता येतो. डोक्यावरची घागर हलकी असली की पाणी जास्त आणता येतं, तसंच. १० ऑगस्ट १९७९ ला दुसऱ्या टप्प्याच्या नियंत्रणात बिघाड झाला आणि रॉकेट बंगालच्या उपसागरात पडलं. चौथ्या टप्प्याची पाळीच आली नाही. १८ जुलै १९८० ला मात्र त्याने ३५ किलोचा रोहिणी उपग्रह कक्षेत नेला. अब्दुल कलाम तेव्हा प्रकल्पाचे प्रमुख होते.

त्याच चौथ्या टप्प्यावरून पुढे ॲपल उपग्रहाची मोटर बनली. ॲपल १९ जून १९८१ ला युरोपच्या एरियान रॉकेटवरून गेला आणि आपल्या मोटरने त्याला खूप उंच कक्षेत पोचवलं. हाच तो उपग्रह, ज्याची बैलगाडीवरची तसबीर सगळीकडे दिसते. अँटेनाच्या चाचणीला भोवती धातू नको होता, म्हणून लाकडी गाडी. लोक त्याला गरिबी म्हणून हसतात, आम्हाला ती अक्कल वाटते.

पीएसएलव्हीचा तिसरा टप्पाही घट्ट इंधनाचाच. १८ मे २०२५ ला श्रीहरिकोट्याहून पीएसएलव्ही-सी६१ उडालं. पहिले दोन टप्पे नीट चालले. तिसऱ्यात आतला दाब घसरला आणि मोहीम फसली. वर होता ईओएस-०९, साधारण १,७०० किलोचा रडार उपग्रह. ढग असोत की रात्र, खालची शेतं आणि पुराचं पाणी त्याला दिसलं असतं.